तबकडीतले अब्दुल करीम खाँ

पंडित भीमसेन जोशी हे नाव ठाऊक नाही असे मराठी घर आपल्या कलबुर्गी-बिदर भागात शोधायचे तर आम्हाला जनगणनेच्या ड्युटीइतकीच पायपीट करावी लागेल, आणि तरी ते सापडेल याची खात्री नाही. पंडितजी गदगचे, म्हणजे आपल्याच राज्यातले. लहान वयात ते घर सोडून गाणे शिकायला निघाले ही गोष्टही बहुतेकांनी ऐकलेली असते. त्या निघण्यामागे एक तबकडी होती. दुकानात वाजणारी झिंझोटीतली एक ठुमरी त्यांच्या कानावर पडली आणि आपल्याला असे गाता आले पाहिजे हे त्यांच्या मनाने घेतले. हे त्यांनी स्वतः पुढे अनेकदा सांगितले आहे. त्या तबकडीवरचा आवाज उस्ताद अब्दुल करीम खाँ यांचा. यंदाच्या स्मरणिकेत आम्ही लिहितो आहोत ते खाँसाहेबांबद्दल, आणि मुख्यतः त्यांचा आवाज तबकडीवर कसा उतरला त्याबद्दल.

खाँसाहेबांचा जन्म १८७२ सालचा, उत्तर प्रदेशातल्या कैराना गावचा. त्या गावाच्या नावावरून त्यांच्या घराण्याला किराणा म्हणतात. आजच्या मुलांना किराणा म्हटले की तेल-साखरेची यादी आठवते, म्हणून मुद्दाम सांगितले. वडील काले खाँ आणि चुलते अब्दुल्ला खाँ यांच्याकडे त्यांचे शिक्षण झाले. घरात सारंगी होती, बीन होती. ती वाद्येही त्यांच्या हातात बसली. पुढे भाऊ अब्दुल हक यांच्याबरोबर ते बडोद्याला सयाजीराव महाराजांच्या दरबारी आले. तिथे सरदार मारुतीराव माने यांची मुलगी ताराबाई आणि खाँसाहेब यांची मने जुळली. त्या काळात ही गोष्ट बडोद्यात पचणारी नव्हती. दोघांनी बडोदे सोडले, मुंबई गाठली आणि नंतर मिरजेला संसार मांडला. खाँसाहेब त्यानंतर कायमचे मिरजेचे झाले.

पहिल्या तबकड्या याच सुमारास, १९०४-०५ च्या दरम्यान निघाल्या. आपल्या देशात हा धंदा तेव्हा अगदी नवा होता. १९०२ मध्ये ग्रामोफोन कंपनीची माणसे विलायतेहून कलकत्त्याला आली आणि गौहरजान वगैरे कलावंतांची गाणी त्यांनी मेणावर कोरून घेतली. मोठ्या उस्तादांना हा प्रकार संशयाचा वाटे. आपली विद्या यंत्रात गेली तर आपल्याकडे काय उरणार, अशी धास्ती काहींना होती. खाँसाहेब तेव्हा तिशीच्या थोडे पुढे गेलेले, नाव होत असलेले गवई. ते कंपनीपुढे बसले आणि त्यांची बरीच गाणी घेतली गेली. त्यातले गाणे तबकडीच्या एकाच बाजूला असे, दुसरी बाजू कोरी.

ते गाणे कसे घेत, हे इथे थोडे सविस्तर सांगतो. आमचा डिप्लोमा इलेक्ट्रिकलचा असल्याने या भागात आमचा पाय अंमळ रेंगाळतो. त्या काळच्या ध्वनिमुद्रणात वीज कुठेच नव्हती. भिंतीतून एक मोठा कर्णा बाहेर आलेला असे. गायकाने त्याच्या तोंडाशी बसून गायचे. आवाजाच्या जोराने कर्ण्याच्या दुसऱ्या टोकाचा पातळ पडदा हले, पडद्याला जोडलेली सुई हले, आणि फिरणाऱ्या मेणाच्या चकतीवर तेवढीच नागमोडी रेघ उमटे. आवाज वाढवायला ना अँप्लिफायर, ना दुसरे काही. गळ्यात जेवढा जोर तेवढेच रेघेचे वळण मोठे. म्हणून या यंत्रापुढे खड्या, ठणठणीत आवाजाचे गायक शोभत. तंबोरा तर जवळजवळ ऐकूच येत नसे. मेण मग पेटीत बंद होऊन बोटीने जर्मनीला हानोव्हरच्या कारखान्यात जाई आणि छापलेल्या तबकड्या काही महिन्यांनी परत येत. कलकत्त्याला कारखाना निघाला तो १९०८ मध्ये.

आता खाँसाहेबांचा आवाज कसा होता? बारीक, उंच पट्टीचा, रेशमासारखा. त्यांचे गाणे जोरकस तानांवर उभे नव्हते. एकेका स्वराशी थांबायचे, त्याला अलगद हात लावायचा, पुढच्या स्वराकडे जाताना मधली जागाही सुरेल ठेवायची, हा त्यांचा मार्ग. तंबोऱ्याच्या जवारीत बाल एवढा फरक त्यांना खपत नसे. अशा गाण्याला कर्ण्याने किती न्याय दिला असेल हे उघड आहे. नक्षीकाम केलेल्या पैठणीचे कार्बन कॉपीवर चित्र काढावे तसे ते झाले. त्या जुन्या तबकड्या आज संग्राहकांकडे जपलेल्या आहेत आणि तरुण खाँसाहेबांचा दाखला म्हणून त्या अनमोल आहेत. पण त्या ऐकून कोणी घर सोडून निघाले असते असे आम्हाला वाटत नाही.

त्यानंतरची पंचवीसेक वर्षे खाँसाहेबांनी खूप काही उभे केले आणि त्यातले बरेच गमावले. १९१३ मध्ये पुण्यात त्यांनी आर्य संगीत विद्यालय काढले. विद्यार्थ्यांच्या जेवणाखाणाची, राहण्याची सोय खाँसाहेब स्वतः पाहत, आणि खर्च निघावा म्हणून तिकीट लावून जलसे करत. सांगलीचे निवृत्त डेप्युटी कलेक्टर कृष्णाजी बल्लाळ देवल आणि इंग्रज न्यायाधीश क्लेमंट्स हे तेव्हा बावीस श्रुतींचा शोध घेत होते. त्यांच्या मोजमापासाठी खाँसाहेबांनी आपला गळा दिला. सरकारी नोकरीतला माणूस पेन्शनीत श्रुती मोजत बसतो हे वाचून आम्हाला देवलांबद्दल जास्तच आपुलकी वाटली. खाँसाहेबांनी आपल्या टिपू नावाच्या कुत्र्यालाही सुरात ओरडायला शिकवले होते आणि लोकांपुढे त्याचा प्रयोग केला होता. विनोद म्हणून हे सगळे सांगतात. आम्हाला त्यात एवढेच दिसते की सूर हा खाँसाहेबांच्या लेखी धर्म-जात तर सोडाच, माणूस-जनावर हा भेदही मानत नव्हता.

ताराबाईंपासून त्यांना पाच मुले झाली. सुरेशबाबू, हिराबाई, कृष्णराव, कमलाबाई आणि सरस्वतीबाई. हिराबाईंचा जन्म १९०५ चा, म्हणजे त्या पहिल्या तबकड्यांच्याच दिवसांतला. १९२० च्या आसपास हा संसार मोडला. ताराबाई पाचही मुलांना घेऊन वेगळ्या झाल्या. मुलांनी वडिलांचे नाव लावले नाही. मुलगे माने झाले, हिराबाई बडोदेकर झाल्या. पुण्याचे विद्यालय बंद झाले आणि खाँसाहेब मिरजेला परतले. कोणाचे चुकले याचा निवाडा करायला आम्ही बसलेलो नाही. पण मोठ्या माणसाचे चरित्र लिहिताना घरातली ही पाने चिकटवून टाकायची आपल्याकडे सवय आहे, ती बरी नाही. ज्या बाईने माहेर सोडून त्यांच्याबरोबर पाऊल टाकले तिनेच पाच लेकरांना गाण्यात उभे केले. मुले पुढे अब्दुल वहीद खाँ यांच्याकडे शिकली, ते किराण्याचेच. म्हणजे वडील सुटले, घराणे सुटले नाही.

या काळात खाँसाहेबांचे पाय दक्षिणेकडे जास्त वळत होते. म्हैसूरच्या दरबारात त्यांना मान होता. जाता-येता हुबळी, धारवाड, कुंदगोळ येथे मुक्काम होई. धारवाडला गंगूबाई हनगल यांच्या आई अंबाबाई कर्नाटक पद्धतीचे गात. त्यांचे गाणे ऐकायला खाँसाहेब घरी येत. कुंदगोळचे रामभाऊ हे त्यांचे पट्टशिष्य, म्हणजेच सवाई गंधर्व. उत्तरेकडचे बहुतेक उस्ताद त्या वेळी कर्नाटक संगीताकडे पाठ करून बसत. खाँसाहेबांनी ते मन लावून ऐकले, शिकले, सरगम गाण्याची ढब तिथून उचलली. आपल्या भागातल्या वाचकाला याचे नवल वाटायचे कारण नाही. आळंद, बसवकल्याण, भालकीकडच्या घरांत आजी मराठीत ओव्या म्हणते, नातू शाळेत कन्नड वाचतो आणि बाजारात दोघेही दखनीत घासाघीस करतात. खाँसाहेबांचे गाणे तशाच घरातले होते.

आणि मग दुसऱ्यांदा तबकडी आली. १९२५ नंतर ध्वनिमुद्रणात वीज शिरली. कर्ण्याच्या जागी मायक्रोफोन आला. आता आवाजाचे रूपांतर आधी विजेत होई, ती वीज व्हॉल्व्हच्या अँप्लिफायरने वाढवली जाई आणि मग सुई चालवी. गायकाने कोरायच्या सुईला स्वतःच्या छातीच्या जोरावर हलवायची गरज संपली. हळू गायलेलेही उतरू लागले, आवाजातली धार आणि गोडवा वेगवेगळे कळू लागले, मागचा तंबोराही झिरपू लागला. यंत्र तीस वर्षे उशिरा का होईना, खाँसाहेबांच्या गळ्याच्या पातळीला येऊन पोचले. ते तेव्हा साठीत होते.

१९३० नंतरच्या वर्षांत ओडियन कंपनीच्या छापाखाली त्यांच्या नव्या तबकड्या निघाल्या. दहा इंचांची लाखेची काळी तबकडी, मिनिटाला ७८ फेरे, एका बाजूला जेमतेम सव्वातीन मिनिटे. मैफलीत तासभर एक राग मांडणाऱ्या माणसाला सव्वातीन मिनिटे म्हणजे चूळ भरायलाही अपुरी. दुसरे कित्येक गवई या वेळेत सगळे कोंबायला जात. ठेका पळवत, ताना एकावर एक रचत, आणि शेवटी गाणे धाप लागल्यासारखे थांबे. खाँसाहेबांनी घाई केलीच नाही. बसंत, शुद्ध कल्याण, मालकंस, ललित, भैरवी, काहीही ऐका. ते पहिल्या स्वरातच रागाच्या मधोमध उभे असतात. झिंझोटीच्या त्या ठुमरीत तर शब्द चार-पाचच; तेच ते पुन्हा वेगळ्या स्वराने वळवून समोर येतात, आणि तबकडी संपली तरी गाणे संपल्यासारखे वाटत नाही. आम्हाला विचाराल तर त्यांचे सगळे आयुष्य या चार-पाच शब्दांत जास्त सापडते, कुठल्याही चरित्रापेक्षा.

तबकड्यांची यादी पाहिली तरी मौज वाटते. उत्तरेचे ख्याल आणि ठुमऱ्या आहेत. खाडिलकरांच्या ‘मानापमान’मधली मराठी पदे आहेत, आणि ती रंगभूमीवरच्या चालीचा ठसा राखून तरीही पूर्ण किराण्याची झालेली आहेत. त्यागराजांची खरहरप्रियातली तेलुगू कृती आहे. ब्रज, मराठी आणि तेलुगू एकाच गळ्यातून, एकाच कंपनीच्या पुड्यातून बाजारात आली आणि मद्रासपासून मुंबईपर्यंत खपली. तोवर हिराबाईंच्या तबकड्याही घरोघर वाजत होत्या. वडील आणि मुलगी वेगवेगळ्या आडनावांनी एकाच दुकानाच्या फळीवर शेजारी शेजारी ठेवलेले असत. दुकानदाराला त्यात विशेष काही नसावे. गाणे कळणारा गिऱ्हाईक मात्र दोन्ही ऐकून स्वर लावण्याची ती एकच रीत ओळखत असे.

या तबकड्या निघाल्या नसत्या तर? सवाई गंधर्व होतेच, त्यांच्याकडून गंगूबाई, फिरोज दस्तूर, भीमसेनजी यांना विद्या मिळालीच असती, असे म्हणता येईल. पण भीमसेनजी सवाई गंधर्वांच्या दारी पोचले ते आधी कोठूनतरी निघाले म्हणून. ज्या पोराला मैफलीच्या बैठकीत कोणी बसू दिले नसते, त्याच्यासमोर खाँसाहेब दुकानाच्या फोनोतून फुकट गात होते.

१९३७ च्या ऑक्टोबरात खाँसाहेब मद्रासला होते. तिथल्या बैठका आटोपून ते पाँडिचेरीला अरविंदांच्या आश्रमात गायला निघाले. रात्रीच्या गाडीत छातीत दुखू लागले. सिंगपेरुमाळ कोविल या लहानशा स्टेशनवर ते शिष्यांसह उतरले. फलाटावरच अंथरूण घातले गेले. त्यांनी नमाज पढला, तंबोरा जुळवायला लावला आणि दरबारी रागात ईश्वराची प्रार्थना गायली. तिथेच त्यांचे प्राण गेले. तारीख २७ ऑक्टोबर. देह मिरजेला आणून मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात दफन केला. त्या दर्ग्यात त्यांच्या स्मरणार्थ दरवर्षी गवई जमतात आणि हजेरी लावतात.

त्यांच्या तबकड्या पुढे कोलंबियाच्या छापाने, मग एलपीवर, कॅसेटवर पुन्हा पुन्हा निघाल्या. आता त्या मोबाइलवरही मिळतात. ज्यांना ऐकायच्या असतील त्यांनी आधी झिंझोटी ऐकावी, नंतर ‘मानापमान’ची पदे, आणि शेवटी भैरवी. खरखर येते म्हणून ती काढून टाकलेली सफाईदार आवृत्ती घेऊ नये. खरखरीबरोबर तंबोऱ्याचीही थोडी साय निघून जाते. आवाज मात्र बेताचा ठेवावा. हा गळा मोठ्या स्पीकरसाठी कधीच नव्हता.