सरखेल कान्होजी आंग्रे : सागराचा राखणदार

सोलापूरचा भुईकोट किल्ला समुद्रापासून कितीतरी दूर आहे. तरीही मराठ्यांच्या आरमाराच्या इतिहासाचा एक करुण धागा या तटबंदीपर्यंत येऊन पोहोचतो. १७५६ साली कैद झालेल्या तुळाजी आंग्रे यांना प्रथम वंदनगडावर आणि पुढे सोलापुरास बंदिवासात ठेवल्याची नोंद इतिहासग्रंथांत आढळते. आयुष्य सागरावर घालविलेल्या या पुरुषाच्या नशिबी अखेर देशावरची कोठडी आली. हे असे का घडले, हे समजण्यासाठी त्यांचे वडील सरखेल कान्होजी आंग्रे यांचे चरित्र पाहिले पाहिजे.

कान्होजींचा जन्म १६६९ च्या सुमारास झाला. घराण्याचे मूळ आडनाव संकपाळ. मावळातील आंगरवाडी गावावरून ते आंग्रे झाले. वडील तुकोजी शिवछत्रपतींच्या आरमारात चाकरीस होते. कान्होजींचे बालपण सुवर्णदुर्गाच्या परिसरात, भरती-ओहोटीच्या तालावर गेले. १६९८ मध्ये आरमारप्रमुख सिधोजी गुजर यांच्या निधनानंतर आरमाराची धुरा कान्होजींकडे आली. ‘सरखेल’ हा किताब त्यांच्या नावाशी कायमचा जोडला गेला आणि अलिबागसमोरचा कुलाबा किल्ला त्यांचे मुख्य ठाणे बनला.

त्या काळी युरोपीय सत्तांची जहाजे आकाराने मोठी आणि तोफांनी सज्ज असत. कान्होजींकडे होती ती गुराबे आणि वल्ह्यांवर चालणारी हलकी गलबते. वारा पडला की मोठी जहाजे जागीच खिळत. गलबते मात्र वल्ही मारीत गुराबांना ओढून नेत आणि शत्रूच्या पिछाडीवर तोफा डागीत. प्रसंग बिकट झाला तर उथळ खाडीत शिरत, जिथे मोठ्या जहाजांना पाठलाग करणे शक्य नसे.

किनाऱ्यावरून जाणाऱ्या व्यापारी जहाजांनी आपले दस्तक घ्यावे, असा कान्होजींचा आग्रह होता. न घेणारे जहाज ते पकडीत. इंग्रजांनी यासाठी त्यांना चाचा ठरविले. वास्तविक पोर्तुगीज सत्ता सुमारे दोनशे वर्षे या समुद्रात हेच करीत आली होती. परदेशी सत्तेचा परवाना कायदेशीर आणि या भूमीच्या सरखेलाचे दस्तक मात्र लुटारूपणाचे, हा न्याय कान्होजींनी मानला नाही. अर्थात त्यांच्या कारभाराला कठोर बाजूही होती. १७१२ मध्ये त्यांच्या आरमाराने मुंबईच्या गव्हर्नरचे जहाज पकडले. त्या चकमकीत विधवा झालेल्या एका इंग्रज स्त्रीची सुटका तीस हजार रुपये खंडणी घेतल्यानंतरच झाली. थोरवी सांगताना हे झाकून ठेवणे योग्य नव्हे.

महाराणी ताराबाई आणि शाहू महाराज यांच्या वादात कान्होजी ताराबाईंच्या पक्षाचे होते. शाहूंचे पेशवे बहिरोपंत पिंगळे यांना त्यांनी कैद केले. तेव्हा नवे पेशवे बाळाजी विश्वनाथ यांनी तलवारीऐवजी बोलणीचा मार्ग स्वीकारला. पिंगळे सुटले, कान्होजींनी शाहूंचे स्वामित्व मान्य केले आणि दहा जलदुर्ग व सोळा भुईकिल्ले त्यांच्याकडे राहिले. भाऊबंदकीच्या त्या काळात हा समेट फार मोलाचा ठरला.

त्याची कसोटी लवकरच लागली. मुंबईचा गव्हर्नर चार्ल्स बून याच्या कारकिर्दीत इंग्रजांनी १७१७ मध्ये विजयदुर्गावर, १७१८ मध्ये खांदेरीवर आणि १७२० मध्ये पुन्हा विजयदुर्गावर हल्ला केला. तिन्ही मोहिमा फसल्या. १७२१ च्या अखेरीस इंग्रज व पोर्तुगीज एकत्र येऊन सुमारे सहा हजार सैन्यानिशी कुलाब्यावर चालून आले. पोर्तुगीज आमचे धर्मबंधू होते हे खरे. पण ही लढाई उपासनेची नव्हती, समुद्रावरील हक्काची होती. बाजीराव पेशव्यांची घोडदळाची कुमक वेळेवर पोहोचली. पोर्तुगिजांनी वेगळा तह केला आणि इंग्रजांना रिकाम्या हाताने परतावे लागले. १७२४ मध्ये डचांचाही विजयदुर्गापुढे निभाव लागला नाही.

४ जुलै १७२९ रोजी कान्होजींचे निधन झाले. अलिबाग येथे त्यांची समाधी आहे. १७३३ मध्ये थोरले पुत्र सेखोजी वारले आणि भावाभावांत वितुष्ट आले. आंग्र्यांची सत्ता विभागली गेली. पुढे तुळाजी आणि नानासाहेब पेशवे यांचे बिनसले. पेशव्यांनी इंग्रजांशी हातमिळवणी केली. १७५५ मध्ये सुवर्णदुर्ग आणि १७५६ च्या फेब्रुवारीत विजयदुर्ग पडला. तेथे आंग्र्यांचे आरमार जळाले. ज्या शत्रूला वडिलांच्या हयातीत एकही किल्ला घेता आला नव्हता, त्याला आता घरच्यांनीच वाट करून दिली.

कुलाबा वाचला तेव्हा समुद्राच्या मदतीला जमीन धावून आली होती. विजयदुर्ग पडला तेव्हा तीच जमीन विरोधात उभी होती. हा दोष एकट्या तुळाजींचा नव्हे की एकट्या पेशव्यांचा नव्हे. बाळाजी विश्वनाथ आणि कान्होजी यांनी दाखविलेली समेटाची बुद्धी पुढच्या पिढीत उरली नाही.

१९५१ मध्ये भारतीय नौदलाने मुंबईतील आपल्या तळाला ‘आंग्रे’ हे नाव दिले. ज्यांना परक्यांनी चाचा म्हटले, त्यांना स्वतंत्र देशाने आपला पूर्वज मानले. सोलापूरच्या किल्ल्याकडे पाहताना मात्र दुसरा धडाही आपण विसरू नये : बाहेरच्या शत्रूशी वारंवार झुंजलेले घरही आतल्या दुहीपुढे टिकत नाही.