रोह्याच्या शास्त्रीबुवांची व्यसनमुक्ती

कुंडलिकेच्या तीरावरील रोहा येथे १९ ऑक्टोबर १९२० रोजी पांडुरंगशास्त्री आठवले यांचा जन्म झाला. वडील वैजनाथशास्त्री यांनी मुंबईच्या माधवबागेत गीता पाठशाळा सुरू केली होती. तेथील प्रवचनांची धुरा पांडुरंगशास्त्रींनी १९४२ मध्ये स्वीकारली. पुढे स्वाध्यायाचा विचार त्यांनी गावोगावी नेला आणि ते सर्वांचे ‘दादा’ झाले.

किनाऱ्यावरील अनेक मच्छीमार वस्त्यांत दारूने संसार पोखरले होते. तेथे गेलेल्या स्वाध्यायींनी दारू सोडण्याचा उपदेश केला नाही. प्रत्येकाच्या हृदयात ईश्वर वसतो, एवढाच विचार घेऊन, काही न मागता, ते पुनःपुन्हा घरोघरी गेले. आत्मसन्मान जागा झाला आणि अनेकांची बाटली सुटली. हीच माणसे ‘मत्स्यगंधा’ नौकांवर पाळीपाळीने श्रमदान करू लागली. त्या कमाईतून गरजूंना आधार मिळू लागला.

व्यसन हा आजार आहे, असे वैद्यकशास्त्र मानते. वर्षानुवर्षांची दारू एकाएकी थांबवल्यास झटके, भ्रम असे जिवावरचे प्रसंग ओढवू शकतात. तेथे श्रद्धा पुरत नाही, डॉक्टरच हवा. मात्र उपचारानंतर रुग्ण पुन्हा व्यसनाकडे वळू नये, यासाठी आपुलकीची माणसे आणि जगण्याला हेतू लागतो. दादांनी नेमके तेच दिले.

त्यांना १९९६ मध्ये मॅगसेसे आणि १९९७ मध्ये टेम्पल्टन पुरस्कार लाभला. २५ ऑक्टोबर २००३ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. व्यसनी माणसाला कमी न लेखता त्याच्या दारी जाणे, हा त्यांचा धडा उपचारकांनाही मोलाचा आहे.