ऋत्विक घटक : आत्मकथन, अस्मिता आणि मनोव्यथा

लेखक, निवेदक आणि नायक एकच असणे, हे आत्मचरित्राचे लक्षण आपण गृहीत धरतो. हे लक्षण चित्रपटाला लावले की एक निराळा प्रश्न उपस्थित होतो. आत्मचरित्र लिहिणाऱ्याचे शरीर पानावर नसते. पडद्यावर मात्र ते असते. एखादा खचलेला कलावंत स्वतःचे शरीरच कथेचा पुरावा म्हणून पुढे ठेवतो, तेव्हा त्या आत्मकथनाकडे कसे पाहावे? बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटक यांचे जीवन आणि त्यांचा अखेरचा कथाचित्रपट ‘जुक्ती तक्को आर गप्पो’ (१९७४) यांच्या आधारे या प्रश्नाचा विचार येथे केला आहे.

घटक यांचा जन्म ४ नोव्हेंबर १९२५ रोजी ढाका येथे झाला. वडील जिल्हा दंडाधिकारी होते, थोरले बंधू मनीष घटक हे कवी व कथाकार, तर महाश्वेतादेवी या पुतणी. पूर्व बंगालमधील नद्यांच्या सान्निध्यात त्यांचे बालपण गेले. १९४७ च्या फाळणीने ही जन्मभूमी परदेश ठरली. त्यांची जुळी बहीणही पुढे सीमेपलीकडेच राहिली. कलकत्त्यात ‘इप्टा’ या जननाट्य चळवळीत आणि कम्युनिस्ट पक्षात त्यांना दुसरे घर मिळाले. तथापि सांस्कृतिक आघाडीविषयीच्या मतभेदांनंतर १९५५ मध्ये पक्षाने त्यांना काढून टाकले. अशा रीतीने वयाच्या तिशीपर्यंत त्यांना दोनदा बेघर व्हावे लागले.

व्यावसायिक अपयशाने हे बेघरपण अधिक गडद केले. १९५२ मध्ये पूर्ण झालेला ‘नागरिक’ त्यांच्या हयातीत प्रदर्शित झाला नाही. काही काळ ते मुंबईत पटकथालेखक होते. बिमल रॉय यांच्या ‘मधुमती’चे (१९५८) लेखन त्यांचेच. ‘मेघे ढाका तारा’ (१९६०) लोकांना भावला. ‘कोमल गांधार’च्या (१९६१) अपयशाचा मात्र त्यांना जबर धक्का बसला. मद्यपान वाढत गेले. १९६५ च्या सुमारास पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते उपप्राचार्य होते. तेथील वास्तव्य अल्पकाळाचे ठरले, तरी मणी कौल आणि कुमार शहानी यांच्यासारख्या विद्यार्थ्यांवर त्यांचा खोल ठसा उमटला.

१९६९ मध्ये कलकत्त्याच्या गोबरा मनोरुग्णालयात उपचार घेत असताना घटक यांनी ‘सेई मेये’ हे नाटक लिहिले आणि ते तेथेच रुग्णांसह सादर केले. या घटनेची नोंद चरित्रकार बहुधा एक विलक्षण किस्सा म्हणून करतात. वस्तुतः तिचे महत्त्व त्याहून अधिक आहे. रुग्ण ही ओळख रुग्णालयाने दिलेली होती. तिच्या जोडीला कर्तेपणाची आपली जुनी ओळख त्यांनी तेथेही टिकवून धरली. पाच वर्षांनी पूर्ण झालेल्या अखेरच्या चित्रपटाची भूमिका येथेच आकारास आलेली दिसते.

या चित्रपटात घटक यांनी नीलकंठ बागची या मद्यासक्त बुद्धिजीवीची भूमिका स्वतः केली. नीलकंठाच्या मुलाची भूमिका त्यांच्याच मुलाने केली. शीर्षकातील ‘जुक्ती’ म्हणजे युक्तिवाद, ‘तक्को’ म्हणजे वाद आणि ‘गप्पो’ म्हणजे गोष्ट. पत्नी दुर्गा मुलाला घेऊन घर सोडते आणि नीलकंठ भटकंतीस निघतो. निर्वासित तरुणी बंगबाला, बेकार तरुण नचिकेता आणि वृद्ध संस्कृत शिक्षक जगन्नाथ हे त्याचे सोबती. शेवटी जंगलात नक्षलवादी तरुणांशी त्याचा रात्रभर वाद होतो आणि पहाटे पोलिसांच्या गोळीने त्याचा अंत होतो.

नायकाचे नाव पौराणिक आहे. हलाहल पचवणाऱ्या शिवाचे. त्यामुळे हे आत्मगौरवाचे कथन आहे, असा आक्षेप घेता येईल. परंतु पुराणातील नीलकंठ विष कंठात रोखून धरतो. चित्रपटातील नीलकंठाला ते साधत नाही. एका प्रसंगी तो दारू थेट कॅमेऱ्याच्या भिंगावर सांडतो आणि प्रेक्षकाची दृष्टीच धूसर होते. दुर्गेचे घर सोडणेही चित्रपटाने अन्याय्य ठरवलेले नाही. घटक यांच्या पत्नी सुरमा यांनी शिक्षिकेची नोकरी करून संसार सावरला होता, हे ध्यानात घेता या चित्रणामागील आत्मपरीक्षण लक्षात येते.

घटक यांच्या मनोव्यथेचे दोन अर्थ सामान्यतः लावले जातात. एक, ही व्यसनाधीन प्रतिभावंताची शोकांतिका; दुसरा, हा फाळणीचा देहावर उमटलेला व्रण. पहिल्या अर्थात इतिहास सुटतो, तर दुसऱ्यात व्यक्तीची जबाबदारी. नीलकंठाच्या बोलण्यात मात्र दुभंगलेला बंगाल आणि स्वतःचे दिवाळे एकत्रच येतात. एकाची सबब दुसऱ्याला मिळत नाही. आजाराचे निदान सांगणे वा सहानुभूती मिळवणे हा या कथनाचा हेतू नाही. स्वतःविरुद्ध आणि स्वतःच्या काळाविरुद्ध एकाच वेळी चालवलेला हा वाद आहे. म्हणूनच शीर्षकात युक्तिवाद आणि वाद आधी येतात, गोष्ट शेवटी.

६ फेब्रुवारी १९७६ रोजी, वयाच्या पन्नासाव्या वर्षी, घटक यांचे कलकत्त्यात निधन झाले. चित्रपट १९७७ मध्ये प्रदर्शित झाला, तेव्हा प्रेक्षकांनी पडद्यावरील मृत्यू प्रत्यक्ष मृत्यूनंतर पाहिला. या क्रमामुळे चित्रपट हे मृत्युपत्र असल्याचा समज रूढ झाला. परंतु ही कलाकृती रचणारा माणूस तेव्हा काम करीत होता, हे विसरता येत नाही. मरणासन्न नीलकंठ माणिक बंद्योपाध्याय यांच्या कथेतील विणकराची आठवण काढतो. सूत नसताना त्या विणकराने रिकामाच माग चालवला. बसून राहून हातपाय आखडू नयेत, एवढाच त्याचा हेतू होता. आत्मकथनाचे प्रयोजन याहून नेमकेपणाने सांगणे कठीण आहे.