कात्रीचे श्रम आणि इतिहासाची साक्ष

चित्रपट पाहून बाहेर पडणारा प्रेक्षक नटनट्यांची नावे सांगतो, फार तर दिग्दर्शकाचे नाव सांगतो. चित्रण पाहून, निवडून, कापून आणि जोडून त्याला अखेरचे रूप देणाऱ्या संकलकाचे नाव त्याच्या ध्यानीमनीही नसते. हा केवळ विसराळूपणा नव्हे. जोडण्याचे काम निर्मितीच्या कामाहून हलक्या प्रतीचे होय, अशी एक रूढ समजूत त्यामागे आहे. ही समजूत किती उथळ आहे, हे सोव्हिएत रशियातील एस्फिर शुब या संकलक बाईंच्या कारकीर्दीवरून जितके स्पष्ट होते तितके क्वचितच दुसऱ्या कोणाच्या चरित्रावरून होईल.

शुबबाईंचा जन्म 1894 मध्ये तत्कालीन चेर्निगोव्ह प्रांतातील सुराझ या गावी एका ज्यू कुटुंबात झाला. साहित्याच्या अभ्यासासाठी त्या मॉस्कोत आल्या. क्रांतीनंतर शिक्षण खात्याच्या नाट्यविभागात त्यांनी काम केले आणि तेथे मेयरहोल्ड, मायकोव्हस्की यांसारख्या नव्या कलावंतांच्या सहवासात त्यांची दृष्टी घडली. 1922 मध्ये त्या सरकारी चित्रपट संस्थेत दाखल झाल्या. त्यांच्याकडे आलेले काम मात्र प्रतिष्ठेचे नव्हते. युद्ध आणि यादवी यांनी देशातील चित्रपटधंदा मोडकळीस आला होता, कोरी फिल्म दुर्मिळ झाली होती आणि नव्या आर्थिक धोरणाच्या त्या काळात चित्रगृहे चालत होती ती मुख्यतः परदेशी चित्रपटांवर. ते चित्रपट सोव्हिएत प्रेक्षकांना दाखविण्यायोग्य करण्याचे, म्हणजे त्यांतील प्रसंग गाळण्याचे, त्यांचा क्रम बदलण्याचे आणि मूकपटाच्या पाट्या नव्याने लिहिण्याचे काम त्यांच्या वाट्यास आले. असे सुमारे दोनशे चित्रपट त्यांच्या हातांखालून गेले.

हे काम सेन्सॉरच्या कारकुनाचे आहे, असे कोणी म्हणेल आणि ते सर्वस्वी खोटेही नाही. परंतु याच कारकुनीतून शुबबाईंना एक मर्म उमगले. तेच हास्य, तीच नजर, तोच हात यांचा अर्थ त्यांच्या आधी काय येते आणि नंतर काय येते यावर ठरतो. फ्रिट्झ लांग या जर्मन दिग्दर्शकाच्या डॉक्टर माबुझे या चित्रपटाची त्यांनी फेरजुळणी केली, तेव्हा त्यांच्या टेबलाशी बसून ही विद्या आत्मसात करणारा एक तरुण होता. त्याचे नाव सर्गेई आयझेनस्टाइन. पुढे संकलनाचा थोर सिद्धांतकार म्हणून जगाने ज्याला मान दिला, त्याच्या उमेदवारीतील काही धडे या टेबलावर गिरविले गेले, हे मात्र थोड्यांनाच ठाऊक असते.

शुबबाईंचे खरे कार्य 1926 च्या उन्हाळ्यात सुरू झाले. फेब्रुवारी क्रांतीला दहा वर्षे पूर्ण होत होती. त्या निमित्ताने जुन्या वृत्तपटांतून एक संपूर्ण चित्रपट उभा करावा, अशी कल्पना घेऊन त्या लेनिनग्राडला गेल्या. तेथील दमट तळघरांत जुन्या फिल्म दुर्लक्षित पडलेल्या होत्या. दोन महिन्यांत त्यांनी सुमारे 60,000 मीटर चित्रण पाहिले. मूकपटाच्या गतीने हे सारे अखंड पाहावयाचे म्हटले तरी सुमारे दोन दिवस आणि दोन रात्री लागाव्यात. त्यांतून त्यांनी 5,200 मीटर निवडले आणि अखेर चित्रपटात राहिले सुमारे 1,500 मीटर. चाळीस मीटर पाहावे तेव्हा एक मीटर ठेवावा, असा हा हिशेब आहे.

या शोधात त्यांना खुद्द झार निकोलस दुसरा याच्या घरचे चित्रण सापडले. दरबारी छायाचित्रकारांनी ते टिपले होते राजघराण्याच्या कौतुकासाठी. रोमानोव्ह घराण्याची पतनकथा या 1927 मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटात शुबबाईंनी तेच चित्रण राजघराण्याविरुद्ध साक्षीला उभे केले. जहाजाच्या डेकवर उमराव मंडळी नाचताना दिसतात, नाचून घामाघूम होतात, आणि लगेच पडद्यावर येतात ते खंदक खणणारे, घाम गाळणारे श्रमिक. नाचणाऱ्यांच्या चित्रणात तसूभरही बदल केलेला नाही. बदलला तो केवळ शेजार, आणि त्या शेजाराने अर्थ उलटा केला. शिवाय चित्रणाचे तुकडे करून प्रेक्षकाला दिपवून टाकण्याऐवजी त्या दृश्य पुरेसा वेळ पडद्यावर ठेवीत. प्रेक्षकाने कागदपत्र न्याहाळावे तसे ते न्याहाळावे, हा त्यांचा हेतू होता.

चित्रपट गाजला. पण येथेच अर्थशास्त्राच्या अभ्यासकाला अंतर्मुख करणारी एक घटना घडली. शुबबाईंनी यात नवे असे फारसे काही चित्रित केलेले नाही, केवळ जुने जोडले आहे, असे मानून सरकारी चित्रपट संस्थेने त्यांचा कर्तृत्वाचा हक्क मान्य करण्याचे नाकारले. मायकोव्हस्कीने 1927 मध्ये एका जाहीर वादसभेत याचा निषेध केला. श्रमातूनच मूल्य निर्माण होते, हे ज्या राज्याचे अधिकृत तत्त्वज्ञान होते, त्याच राज्याच्या संस्थेला तळघरातील दोन महिन्यांच्या श्रमांत मूल्य दिसू नये, यासारखी विसंगती दुसरी कोणती? कात्री आणि गोंद घेऊन बसण्याचे काम बहुधा स्त्रियांकडे असे आणि ते शिवणकामाच्या पंक्तीत बसविले जाई, हेही या नकाराचे एक कारण असावे.

तरीही त्यांनी काम थांबविले नाही. त्याच वर्षी ऑक्टोबर क्रांतीच्या दशकपूर्तीनिमित्त महान मार्ग हा चित्रपट आणि 1928 मध्ये, टॉलस्टॉयच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, निकोलस दुसरा आणि टॉलस्टॉय यांच्या काळातील रशियावरचा चित्रपट त्यांनी सिद्ध केला. टॉलस्टॉयचे प्रत्यक्ष चित्रण अत्यल्प होते. म्हणून त्याच्या भोवतालचा रशियाच त्यांनी उभा केला. 1932 मध्ये विद्युतीकरणावरील बोलपटात कामाच्या जागीच ध्वनिमुद्रण करण्याचा त्या काळी धाडसी ठरणारा प्रयोग त्यांनी केला.

यापुढची कथा मात्र प्रसन्न नाही. 1939 चा स्पेन हा चित्रपट रोमान कार्मेन आणि बोरिस माकासेयेव्ह यांनी रणभूमीवर टिपलेल्या चित्रणातून त्यांनी जुळविला. ज्या पत्रकाराकडे प्रथम त्याचे लेखन होते, त्या मिखाईल कोल्त्सोव्हला 1938 च्या डिसेंबरात अटक झाली आणि ते काम विश्नेव्हस्कीकडे गेले. 1940 मध्ये मेयरहोल्ड आणि कोल्त्सोव्ह या दोघांनाही गोळ्या घालण्यात आल्या. ज्यांच्यासमवेत शुबबाईंनी संसार केला ते कलाविचारवंत अलेक्सेई गान यांचा 1942 मध्ये असाच अंत झाला. त्याच वर्षी शुबबाईंकडे सरकारी वृत्तपटाच्या संकलनाची प्रमुख जबाबदारी आली. नको झालेल्या माणसांचे चेहरे छायाचित्रांतून आणि चित्रपटांतून नाहीसे करण्याचा तो काळ होता. झारच्या राजवटीची उलटतपासणी घेणारी कात्री स्वतःच्या काळाची उलटतपासणी घेऊ शकली नाही. सुरक्षित अंतरावरून त्यांना दोष देणे सोपे आहे. पण ही वस्तुस्थिती झाकणे हेही त्यांनी शिकविलेल्या धड्याशी प्रतारणा करण्यासारखे होईल. जोडणारा हा निर्माता आहे असे एकदा मान्य केले, की त्याने काय जोडले आणि काय गाळले याचा जाबही त्याच्याकडे मागावा लागतो. हक्क आणि उत्तरदायित्व ही एकाच नाण्याची दोन अंगे आहेत.

1959 मध्ये त्यांच्या आठवणींचे पुस्तक प्रसिद्ध झाले आणि त्याच वर्षी सप्टेंबरात मॉस्को येथे त्यांचे निधन झाले. आजचा वृत्तपट हा उद्याचा दस्तऐवज आहे, म्हणून तो जपला पाहिजे, हा त्यांचा आग्रह त्यांच्या चित्रपटांइतकाच मोलाचा मानला पाहिजे. जे जपले जाते त्याची फेरतपासणी पुढच्या पिढ्यांना करता येते. जे नष्ट होते त्याबाबत सत्ताधाऱ्यांचा शब्द हाच अखेरचा ठरतो. झारने स्वतःच्या गौरवार्थ जपलेल्या चित्रणाने झारचाच पाडाव कथन केला. शुबबाईंच्या काळातील जे चित्रण तळघरांत टिकून राहिले आहे, तेही असेच कोणा धीराच्या निवडणाऱ्या हातांची वाट पाहत असेल.