चेंडू चालला, कप चालला नाही

क्रिकेटचा विषय निघाला की आपल्या कट्ट्यावर कसोटीवीरांची नावे धडाधड घेतली जातात. पण भारत पहिली कसोटी खेळला तो १९३२ साली. त्याआधीच्या काळात ज्यांच्या डावखुऱ्या फिरकीने गोऱ्या फलंदाजांची भंबेरी उडवली, त्या बाळू पालवणकरांचे नाव मी घेतले की मित्र विचारतात, हे कोण? म्हणून हा लेखप्रपंच.

बाळूंचा जन्म १८७६ साली धारवाडला, एका चर्मकार कुटुंबात झाला. बालपण पुण्यात गेले. तेथे गोऱ्यांच्या पूना जिमखान्यात महिना चार रुपयांवर ते नोकरीस लागले. खेळपट्टीवर रोलर फिरवायचा, जाळी बांधायची आणि साहेब सरावाला आले की त्यांना चेंडू टाकायचे, हे त्यांचे काम. ग्रेग या नामांकित फलंदाजाला त्यांनी तासन् तास गोलंदाजी केली. बॅट मात्र त्यांच्या हाती कोणी दिली नाही. या चाकरीतच त्यांचा हात तयार झाला.

पुण्याच्या हिंदू संघाला गोऱ्यांना हरवायचे होते, म्हणून बाळूंना संघात घेतले गेले. मैदानावर त्यांनी टाकलेला चेंडू सवर्ण खेळाडू खुशाल हाताळत. चहाच्या वेळी मात्र बाळूंनी बाहेर थांबायचे आणि मातीच्या भांड्यातून चहा प्यायचा. चेंडूला विटाळ नव्हता, कपाला होता! हे प्रथम वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवले होते.

पुढे ते मुंबईस येऊन हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. १९०६ साली हिंदूंनी युरोपियनांना १०९ धावांनी हरवले, त्या विजयात बाळू आणि धाकटे बंधू शिवराम दोघेही होते. १९११ साली पतियाळाच्या महाराजांचा संघ इंग्लंडला गेला. संघ बहुतेक सामने हरला. बाळूंनी मात्र त्या दौऱ्यात ११४ बळी घेतले.

एवढ्या कर्तृत्वानंतरही हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना मिळाले नाही. १९१३ साली कर्णधार झालेल्या पै यांनी, हा मान बाळूंचा होता, असे जाहीरपणे मान्य केले. तरी व्यवस्थापक हलले नाहीत. १९२० साली तर बाळूंना संघातून वगळले. तेव्हा शिवराम आणि विठ्ठल या भावांनी निषेध म्हणून संघ सोडला. प्रकरण गाजले, तडजोड झाली आणि चव्वेचाळीस वर्षांच्या बाळूंना उपकर्णधारपद मिळाले. १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाले आणि त्यांच्या नेतृत्वाखाली हिंदू संघाने स्पर्धा जिंकली. थोरल्याने ठोठावलेल्या दारातून धाकटा आत गेला.

बाळू पुढे राजकारणात आले. १९३२ च्या पुणे कराराच्या वेळी ते गांधीजींच्या बाजूने होते. १९३७ च्या निवडणुकीत ते काँग्रेसतर्फे डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे राहिले व पराभूत झाले. त्यांची ही भूमिका मला पटत नाही. पण चरित्र लिहिताना ती झाकून ठेवणेही योग्य नव्हे.

४ जुलै १९५५ रोजी त्यांचे निधन झाले. प्रथम श्रेणीच्या ३३ सामन्यांत १७९ बळी, एवढी नोंद मागे राहिली. किती वेळा त्यांना एकट्याने बाहेर चहा प्यावा लागला, याची नोंद कोणत्याही धावफलकात नाही. ती आपण ठेवली पाहिजे, असे मला वाटते.