पंडिता रमाबाईंचे कान

२३ एप्रिल १८५८ रोजी गंगामूळच्या रानात जन्मलेल्या पंडिता रमाबाईंचे चरित्र आमच्या विद्यार्थ्यांस ठाऊक आहे. परंतु त्या कानांनी अधू होत्या, ही गोष्ट फारसे कोणी सांगत नाही. वास्तविक त्यांची पहिली विद्या कानांवाटेच आलेली. आई लक्ष्मीबाई पहाटे पाठ देत आणि मुलगी तो ऐकून मुखोद्गत करी. वडील अनंतशास्त्री डोंगरे यांच्या कुटुंबाचा चरितार्थही गावोगावी पुराणे सांगण्यावर चाले.

१८८२ साली हंटर कमिशनपुढे रमाबाईंनी स्त्री-डॉक्टरांची गरज मांडली, आणि पुढील वर्षी स्वतःच वैद्यक शिकण्याच्या हेतूने, लहानग्या मनोरमेस घेऊन, त्या विलायतेस गेल्या. वाँटेज येथील ख्रिस्ती भगिनींच्या आश्रमात त्यांचा बाप्तिस्मा झाला; परंतु बहिरेपणाची अडचणही तेथेच आडवी आली. रोग्याच्या छातीस नळी लावून ज्यास बारीक ध्वनी पारखावयाचा, त्याचे कान मंद असून कसे चालेल? वैद्यकाचा मार्ग बंद झाला. पती वारलेले, मूल लहान, देश परका, आणि ज्या कामासाठी आलो त्याचेच दार लागलेले!

बहिऱ्याचे दुःख बाहेरून दिसत नाही. आंधळ्याचा हात कोणीही धरतो. बहिऱ्यास मात्र एकच गोष्ट दोनदा सांगावी लागली की सांगणारा चिडतो, आणि तो बिचारा हळूहळू चारचौघांतून उठून एकटा बसू लागतो. येथे सोनपेठेस मागच्या बाकावरील मुलगा उत्तर देत नाही म्हणून आम्ही त्यास पुष्कळदा दुर्लक्षी ठरविले आहे. त्याचे कान तपासून घ्यावे, हे आम्हांस फार उशिरा सुचले.

असो. रमाबाई चेल्टनहॅमच्या कॉलेजात गणित व शास्त्रे शिकू लागल्या आणि संस्कृत शिकवू लागल्या. ११ मार्च १८८६ रोजी त्यांच्या नात्यातील आनंदीबाई जोशी यांस फिलाडेल्फियात डॉक्टरची पदवी मिळाली. त्या समारंभासाठी रमाबाई अटलांटिक ओलांडून गेल्या. आपणांस हवी असलेली पदवी दुसरीच्या हाती पाहताना त्यांच्या मनात काय आले असेल, ते वाचकांनीच ताडावे. तीन वर्षांनी, त्याच तारखेस, त्यांनी मुंबईत शारदा सदन उघडले.

केडगावच्या मुक्ति सदनाची व दुष्काळातून वाचविलेल्या मुलींची हकीकत सर्वश्रुत आहे. उत्तरवयात मात्र त्यांनी कान नसले तरी चालेल असे काम हाती धरले: हिब्रू व ग्रीक शिकून सबंध पवित्र शास्त्र सोप्या मराठीत उतरविणे. केडगावच्याच छापखान्यात मुलींनी त्याचे खिळे जुळविले. जुलै १९२१ मध्ये मनोरमाबाई वारल्या, तरी आईचे काम थांबले नाही. ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाई निवर्तल्या तेव्हा भाषांतर पुरे झालेले होते. ग्रंथ १९२४ साली प्रसिद्ध झाला.