हस्तिदंती व्हायोलिनचे धनी : तंजावूरचे वडिवेलु

मराठी माणूस तंजावूरला गेला म्हणजे त्याच्या पायांच्या वाटा ठरलेल्या असतात. बृहदीश्वराच्या मंदिराच्या भिंतीवर 1803 साली कोरलेला भोसले घराण्याचा प्रदीर्घ मराठी शिलालेख तो पाहतो, परमुलखात दगडावर आपली भाषा वाचून त्याचा ऊर भरून येतो; मग राजवाडा, सरस्वती महाल ग्रंथालय, सर्फोजी महाराजांचा पुतळा, आणि परतीची गाडी. मंदिरापासून फार दूर नसलेल्या पश्चिम राजवीथीतील एका जुन्या घराकडे मात्र सहसा कोणी फिरकत नाही. आम्हीही पहिल्या खेपेस त्या घराची माहिती नसल्यामुळे तसेच परतलो होतो. ते घर चार भावांचे. चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् आणि वडिवेलु. दक्षिणेत त्यांना ‘तंजावूर नाल्वर’, म्हणजे तंजावूरचे चौघे, एवढे म्हटले की पुरते. या चौघांतील धाकट्याला राजाने बहाल केलेले हस्तिदंती व्हायोलिन त्या कुटुंबाने पिढ्यान्‌पिढ्या जिवापाड जपले.

आज कर्नाटक संगीताच्या बैठकीत गायकाच्या एका बाजूस व्हायोलिन आणि दुसऱ्या बाजूस मृदंग नसेल, तर बैठक सुनी वाटते. ज्या वाद्याचा जन्म इटलीत झाला आणि जे गोऱ्यांच्या पलटणींबरोबर व चर्चच्या प्रार्थनांबरोबर आपल्याकडे आले, ते देवळातल्या गाण्याला इतके आपले कसे झाले? या प्रश्नाच्या उत्तरात जी दोन-तीन नावे येतात, त्यांत वडिवेलुंचे नाव अग्रभागी आहे. आणि ते मराठी राजाच्या छत्राखाली वाढलेले असल्यामुळे त्यांचे चरित्र आपल्या स्मरणिकेत यावे, असे आम्हांस वाटले.

वडिवेलुंचा जन्म 1810 चा. चिन्नय्या 1802 चे, पोन्नय्या 1804 चे, शिवानंदम् 1808 चे; म्हणजे आठ वर्षांच्या अंतरात जन्मलेले हे चार भाऊ. आजोबा गंगैमुत्तू आणि वडील सुब्बरायन हे दोघेही नट्टुवनार होते. नट्टुवनार म्हणजे केवळ नृत्यशिक्षक नव्हे. देवालयात वा दरबारात नर्तकी नाचू लागली की तिच्या मागे उभे राहून हातात झांजा घेऊन बोल म्हणणारा, पदे गाणारा, ताल सांभाळणारा आणि बहुधा ती पदे रचणाराही तोच. त्यामुळे या घरातील मुलाला गळा, लय आणि पदन्यास हे तीन निरनिराळे विषय आहेत, हे ठाऊकच नसे. वडिवेलु पुढे व्हायोलिनवादक म्हणून गाजले खरे, परंतु ते आधी गायक होते, आणि त्यांच्या वाद्याने जी वाट धरली ती गळ्याचीच होती.

या मुलांचे भाग्य असे की त्यांना गुरू लाभले ते मुत्तुस्वामी दीक्षित. त्यागराज, श्यामा शास्त्री आणि दीक्षित या कर्नाटक संगीताच्या त्रिमूर्तींपैकी हे एक. तिघांचाही जन्म तंजावूरच्या राज्यातील तिरुवारूरचा, आणि तिघेही भोसले राजांच्या काळात वाढलेले, ही गोष्ट आपण मराठी मंडळी अभिमानाने सांगतो. परंतु तो काळ त्यांनी घडवला तसा त्यांनाही घडवत होता, हे सांगायचे विसरतो. दीक्षित तंजावुरात राहून या भावांना शिकवीत. एकदा ऐकलेले वडिवेलु तत्क्षणी आत्मसात करीत, म्हणून गुरूंनी त्यांना एकसंधग्राही ठरविले, अशी परंपरागत माहिती आहे. चौघा भावांनी गुरूंच्या गौरवार्थ नऊ रचनांची नवरत्नमाला बांधली आणि बृहदीश्वराच्या सन्निध ती अर्पण केली. गुरुदक्षिणा म्हणून शिष्यांनी गाणीच द्यावीत, हे त्या घराला शोभणारेच होते.

तेव्हा गादीवर होते सर्फोजी महाराज दुसरे. 1777 साली जन्मलेल्या आणि 1798 साली गादीवर आलेल्या या राजाचा राज्यकारभार 1799 च्या तहाने कंपनीच्या हाती गेला होता. किल्ला आणि भोवतालचा थोडा मुलूख एवढेच त्याच्याकडे उरले होते. ज्याच्या तलवारीला काम उरले नाही अशा राजांनी काय करावे, याची उदाहरणे हिंदुस्थानात पुष्कळ आहेत, आणि त्यांतील बरीचशी खेदजनक आहेत. सर्फोजींनी ग्रंथ गोळा केले, वैद्यकाचे प्रयोग केले, छापखाना घातला आणि संगीताला दोन्ही हातांनी आश्रय दिला. त्यांच्या दरबारात पाश्चात्त्य वाद्यांचा ताफा होता; युरोपीय स्वरलिपीतील पुस्तके सरस्वती महालाच्या संग्रहात राहिली आहेत. दरबारातील वराहप्पय्या नावाचे अधिकारी तर स्वतः व्हायोलिन वाजवीत, असे सांगतात. म्हणजे वडिवेलुंच्या कानी लहानपणापासून मंदिराचा नागस्वर पडत होता, तसाच राजवाड्यातून विलायती तारांचा सूरही येत होता.

वडिवेलुंना व्हायोलिनचे पहिले धडे श्वार्ट्झ नावाच्या मिशनऱ्याने दिले, असे काही ठिकाणी लिहिलेले आढळते. सर्फोजींना लहानपणी सांभाळणाऱ्या या पाद्र्याचे नाव तंजावुरात एवढे मोठे की प्रत्येक विलायती गोष्ट त्याच्या नावावर जमा व्हावी, यात नवल नाही. परंतु श्वार्ट्झ 1798 साली वारला आणि वडिवेलु जन्मले 1810 साली. तेव्हा ही कथा सोडून दिलेली बरी. अधिक विश्वसनीय धागा गुरूंच्या घरातून येतो. मुत्तुस्वामी दीक्षितांचे धाकटे बंधू बालुस्वामी (जन्म 1786) यांनी मद्रासेत एका युरोपीय वादकाकडे व्हायोलिन शिकून ते आपल्या संगीतासाठी वापरून पाहिले होते. या वाद्याला आपल्या रागांत आणण्याचा पहिला मान सामान्यतः त्यांनाच दिला जातो. वडिवेलुंचे कार्य त्याच्या पुढचे. त्यांनी या वाद्याला राजदरबारी प्रतिष्ठा आणि गायकाच्या शेजारचे आसन मिळवून दिले.

हे काम दिसते तितके सोपे नव्हते. तोवर गायकाची साथ करण्याचा मान वीणेचा. वीणेचा नाद गोड; पण तार छेडली की सूर क्षणात ओसरू लागतो. गजाने वाजणाऱ्या वाद्यात सूर श्वासासारखा लांबविता येतो. शिवाय व्हायोलिनला पडदे नसल्यामुळे बोट तारेवरून हवे तसे सरकते, आणि कर्नाटक संगीताचा प्राण जो गमक, तो त्यातून गळ्याइतकाच सहज निघतो. अडचण होती ती उभे राहून हनुवटीखाली वाद्य धरण्याच्या विलायती रीतीची. वाद्याचा भार मान आणि डावा हात यांवर राहिला, तर बोटांना मोकळेपणाने धावता येईना. आपल्याकडील वादकांनी मांडी घातली, वाद्याचे डोके उजव्या पायाच्या घोट्यावर टेकविले, दुसरे टोक छातीखांद्याशी घट्ट बसविले, आणि डावा हात साफ मोकळा केला. तारांची विलायती जुळणी सोडून षड्ज-पंचम, षड्ज-पंचम अशी जुळणी केली. वाद्य तेच राहिले, पण त्याची बैठक आणि बोली बदलली. हे एकट्या वडिवेलुंनी केले असे आम्ही म्हणणार नाही. त्या दोन पिढ्यांच्या वादकांचे ते मिळून केलेले काम आहे. पण ते तंजावूरच्या मातीत झाले, आणि वडिवेलु त्याच्या ऐन मध्यावर होते.

याच वर्षांत चौघा भावांनी दुसरेही मोठे काम केले. दासीआट्टम किंवा सदिर म्हणून ओळखल्या जाणाऱ्या नृत्याला त्यांनी क्रम लावून दिला : अलारिप्पु, जतिस्वरम्, शब्दम्, वर्णम्, पदम्, तिल्लाना. आज भरतनाट्यम शिकणारी आपली मुलगी अरंगेत्रमच्या दिवशी ज्या क्रमाने नाचते, तो क्रम मुख्यतः या भावांचा. येथे मराठी वाचकांनी ध्यानात ठेवावी अशी एक गोष्ट आहे. सर्फोजी महाराजांच्या नावे नृत्यासाठी रचलेली मराठी निरूपणे सरस्वती महालात आहेत. ‘कोर्व्यांचे साहित्याचे जिन्नस’ या नावाने ती ग्रंथरूपानेही प्रसिद्ध झाली. त्यांत एकाच कथाविषयावरचे अनेक नृत्यप्रकार ओळीने गुंफलेले असून अलारु, शोल्लु, शब्द, वर्ण, पद, तिल्लाना ही नावे तेथे भेटतात. राजाने भावांकडून घेतले की भावांनी राजाकडून, यावर पंडितांनी खुशाल वाद घालावा. एकाच वाड्यात मराठी शब्द, तेलुगू पदे, तमिळ बोल आणि विलायती तारा एकमेकांचे ऐकत होत्या, एवढे आम्हांस पुरेसे वाटते.

परंतु राजाश्रय म्हणजे वाऱ्यावरचा दिवा. भावांचे आणि दरबाराचे बिनसले. ज्यांच्या वाडवडिलांची उपजीविका आणि मान त्या मंदिराशी व त्या दरबाराशी बांधलेला, त्यांनी ते सोडून निघणे ही साधी गोष्ट नव्हती. शिवाय सर्फोजींच्या स्तुतिपर रचना ज्यांनी केल्या, त्यांच्यावरच ही वेळ आली होती. सर्फोजींची आम्हां मराठी लोकांस फार ओढ. पण त्यांच्या हातून हे गुणी लोक सुटले, हेही त्यांच्या चरित्रात लिहिले गेले पाहिजे. भाऊ निघाले ते सह्याद्रीच्या दक्षिण टोकापलीकडे, त्रावणकोरास.

तेथे राजे होते स्वाती तिरुनाळ. 1813 साली जन्मलेले, 1829 साली वयाच्या सोळाव्या वर्षी राज्यसूत्रे हाती घेतलेले, आणि संस्कृत, मलयाळम, तेलुगू, कन्नड व हिंदुस्थानी अशा अनेक भाषांत रचना करणारे. या राजाच्या घडणीतही तंजावूरच्या मराठी माणसांचा वाटा आहे. त्यांचे इंग्रजीचे शिक्षक आणि पुढे दिवाण झालेले सुब्बराव हे तंजावूरचे मराठी. मेरुस्वामी हे मराठी कीर्तनकारही तंजावुराहून त्यांच्या दरबारी गेले. राजाने कुचेल आणि अजामिळ यांची आख्याने रचली, ती त्यांच्या कीर्तनाच्या प्रभावाने. परक्या राज्यात पाऊल टाकताना वडिवेलुंच्या कानी तंजावूरची ओळखीची भाषा पडली असेल, असे म्हणण्यास हरकत नाही. घर सोडून आलेल्यांना याचे मोल सांगावयास नको.

राजा आणि वादक यांच्या वयांत तीनच वर्षांचे अंतर. दोघांचे सूत जमले ते अखेरपर्यंत. राजाच्या वर्णम् व पदांच्या घडणीत वडिवेलुंचा हात होता, असे जाणकार मानतात. केरळातील मोहिनीआट्टमला तंजावूरच्या धर्तीवर वर्णम्, पदम्, तिल्लाना यांची जोड मिळाली तीही या सहवासात. आणि व्हायोलिन? राजाला त्या वाद्याची मोहिनी पडली. 1834 साली त्यांनी वडिवेलुंना हस्तिदंताचे व्हायोलिन देऊन गौरविले. ज्या वाद्याला कर्मठ लोक काल-परवापर्यंत परके मानीत होते, त्याचा असा सन्मान पद्मनाभदास म्हणविणाऱ्या राजाने केला. त्यानंतर त्याला उंबऱ्याबाहेर कोण ठेवणार?

तिरुवैयारूची एक कथा दक्षिणेत घरोघर सांगतात. त्यागराजांना आपल्या दरबारी पाहावे, ही स्वाती तिरुनाळांची इच्छा. सर्फोजींचे बोलावणे ज्यांनी नाकारले होते, ते त्यागराज दुसऱ्या राजाकडे कसे जाणार? वडिवेलुंनी ते काम अंगावर घेतले. त्यागराज नित्य ज्या वाटेने कावेरीवर स्नानास जात, त्या वाटेवर त्यांनी बिऱ्हाड केले, आणि त्यांची जाण्याची वेळ साधून ते रोज गाऊ-वाजवू लागले. काही दिवसांनी ते वृद्ध संत उंबरठ्याशी थांबले, मग आत आले आणि प्रसन्न होऊन म्हणाले की काय हवे ते माग. वडिवेलुंनी त्रावणकोरास येण्याचे वचन मागितले. त्यागराज दिल्या शब्दात अडकले. पण त्यांनी त्यातून असा मार्ग काढला की आपण आणि तो भक्तराजा जेथे राजा-प्रजा असा भेद नाही अशा लोकी भेटूच. कथा खरी की भाविकांची, हे ठरविण्याच्या भरीस आम्ही पडत नाही. मात्र त्यागराजांना थांबविणारे वाद्य म्हणून लोकांनी कथेत वडिवेलुंचे वाद्य निवडले, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

भाऊ पुढे पांगले. चिन्नय्या म्हैसूरच्या कृष्णराज वडियारांच्या दरबारी गेले. पोन्नय्या आणि शिवानंदम् तंजावुरास परतले; सर्फोजी 1832 साली निवर्तले होते आणि त्यांचे पुत्र शिवाजी गादीवर होते. वडिवेलु मात्र आपल्या राजाजवळच राहिले. 1845 च्या सुमारास, अवघ्या पस्तिशीच्या आसपास, त्यांचा अंत झाला. डिसेंबर 1846 मध्ये स्वाती तिरुनाळ गेले, आणि 6 जानेवारी 1847 रोजी त्यागराज. 1855 मध्ये शिवाजी राजे पुत्राविना वारले आणि कंपनीने तंजावूरची गादीच संपविली.

गादी गेली तरी पश्चिम राजवीथीतले घर चालू राहिले. या घराण्यातले पंदनल्लूरचे मीनाक्षीसुंदरम् पिळ्ळै (1869–1954) यांच्याकडे रुक्मिणीदेवी अरुंडेल शिकल्या. याच घराण्यातले कंदप्पा पिळ्ळै हे बालसरस्वतींचे गुरू. किट्टप्पा पिळ्ळै (1913–1999) यांनी पूर्वजांच्या रचना शोधून, स्वर लावून, शिकवून जिवंत ठेवल्या. तंजावुरास पुन्हा जाणे झाले तेव्हा आम्ही शिलालेख पाहून झाल्यावर त्या रस्त्याने मुद्दाम गेलो. दुपारची वेळ होती, रस्त्यावर सायकली, रिक्षा आणि फुलांच्या टोपल्या. जवळच कोणा घरात एक मूल व्हायोलिनवर सरळी वरिसै घोटत होते, आणि गांधारावर आले की पुन्हा पुन्हा चुकत होते.